गारगोटीतून पाते कसे काढावे: अश्मयुगीन रीत आणि कृष्णाकाठचा दगड

सातारा आणि सांगली जिल्ह्यांत फ्लिंट मिळत नाही. युरोपातील अश्मयुगाच्या वर्णनांत पानोपानी भेटणारा हा चकमकीचा दगड इंग्लंड, फ्रान्स, बेल्जियम आणि डेन्मार्क येथील खडूच्या थरांत गोळ्यांच्या रूपाने तयार होतो, आणि आपल्या पायाखाली खडू नसून सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचलेल्या लाव्ह्याचा काळा पाषाण आहे. त्यामुळे अश्मयुगीन हत्यार स्वतः करून पाहण्याची इच्छा झालेला येथील विद्यार्थी किंवा शिक्षक परदेशी कृती वाचू लागतो, पहिल्याच ओळीत अडतो आणि नाद सोडून देतो. वास्तविक अडण्याचे कारण नाही. फ्लिंट ज्या गुणामुळे धार देतो, तोच गुण लाव्ह्यातील पोकळ्यांमध्ये साचलेल्या कॅल्सेडोनी, अकीक आणि जॅस्पर या गारगोटीच्याच जातीच्या दगडांत आहे, आणि दख्खनमधील प्राचीन माणसांनी हेच दगड वापरले. प्रवरेकाठी नेवासे येथे पुरातत्त्वज्ञ डॉ. ह. धी. सांकलिया यांनी अभ्यासलेली मध्य पुराश्मयुगीन हत्यारे या जातीच्या दगडांची आहेत. त्याच परिसरात चिरकी येथे सापडलेल्या त्याहून जुन्या हातकुऱ्हाडी मात्र काळ्या पाषाणाच्या आणि डोलेराइट या त्यासारख्याच अग्निज खडकाच्या आहेत.

पुढे दिलेली कृती या दोन्ही प्रकारच्या दगडांसाठी आहे. ती वाचताना एक गोष्ट सतत ध्यानात ठेवावी. या कामात घाव हा सर्वांत लहान भाग असतो. दगड निवडणे, त्याची कड तपासणे, ती घासून बळकट करणे आणि तो हातात योग्य तिरपा धरणे यांत बहुतेक वेळ जातो, आणि जो नवशिक्या हा वेळ वाचवायला जातो त्याच्या हाती पात्याऐवजी खडी येते.

दगड कसा फुटतो

अभ्रकाचे पापुद्रे सुटतात आणि कॅल्साइट तिरप्या चौकोनांत तुटतो, कारण त्यांच्या आत फुटण्याच्या ठरलेल्या दिशा असतात. कॅल्सेडोनीतील स्फटिक डोळ्यांना न दिसण्याइतके बारीक असतात, त्यामुळे घावाचा जोर आत कोणत्याही एका दिशेला बांधलेला राहत नाही आणि तडा शिंपल्यासारखा वळत जातो. भूशास्त्रात याला शंखाभ भंजन म्हणतात. खिडकीच्या काचेवर छर्रा लागला की मागच्या बाजूने शंकूच्या आकाराचा तुकडा निघतो, ते याच भंजनाचे रूप होय. हत्यार घडवणारा माणूस दगडाच्या मध्यावर न मारता अगदी कडेजवळ मारतो, म्हणून पूर्ण शंकू न निघता त्याचा एक काप बाजूने सुटतो. हा काप म्हणजे कपची. पुरातत्त्वाच्या लेखनात तिला छिलका म्हणतात, आणि जिच्यातून ती निघाली त्या मूळ दगडाला गाभा म्हणतात. सोयीसाठी गाभ्याच्या ज्या पृष्ठावर घाव बसतो त्याला येथे माथा म्हटले आहे, आणि ज्या बाजूवरून कपची सुटते तिला अंग.

संपूर्ण तंत्र दोन नियमांवर उभे आहे. पहिला असा की माथा आणि अंग यांच्यातील कोन ९० अंशांपेक्षा कमी असला पाहिजे. ६० ते ८० अंशांचा कोन सर्वांत सोयीचा. कोन काटकोनाच्या पुढे गेला की कितीही जोर लावला तरी कपची सुटत नाही, फक्त माथ्यावर पांढरे डाग उमटतात आणि दगडाच्या आत नको तेथे तडे जातात. दुसरा नियम असा की तडा दगडाच्या फुगीर भागाखालून आणि उभ्या कंगोऱ्याखालून धावतो. अंगावर लांब सरळ कंगोरा असेल तर लांब पाते निघेल, अंग सपाट असेल तर आखूड व रुंद कपची निघेल, आणि खोलगट अंगावरून तडा पुढे सरकणारच नाही. नदीतल्या गोलमटोल गोट्याला कोन कोठेच नसतो, म्हणून तो आधी मोठ्या दगडावर आपटून फोडावा लागतो.

दगडाची निवड

लाव्हा थंड होत असताना त्यात अडकलेल्या वायूच्या बुडबुड्यांमुळे पोकळ्या राहिल्या आणि पुढे खनिजयुक्त पाणी झिरपून त्या भरल्या. या पोकळ्यांत कॅल्सेडोनी आणि अकीक यांच्याबरोबर झिओलाइट गटातील खनिजे, अपोफिलाइट, कॅल्साइट आणि स्वच्छ स्फटिकांचा क्वार्ट्झही असतो. खडक झिजला की ही भरण सुटी होऊन मुरमात आणि शेतांत पडते. पांढरी चमकणारी प्रत्येक गारगोटी हत्यारासाठी उपयोगी नसते, हे येथे आवर्जून सांगितले पाहिजे. पारख सोपी आहे. खरी कॅल्सेडोनी काचेवर ओरखडा काढते आणि चाकूच्या टोकाने तिच्यावर ओरखडा उठत नाही. तिचे काठिण्य मोहोच्या मापावर ६.५ ते ७ इतके असते. झिओलाइट आणि कॅल्साइट चाकूने खरवडले जातात. मोठ्या स्फटिकांचा क्वार्ट्झ कठीण असतो, पण त्याच्या आतल्या भेगांमुळे तडा कोठेही भरकटतो. हवा तो दगड मेणासारखा मंद चकाकणारा, राखाडी, दुधाळ, पिवळसर किंवा तांबूस आणि उजेडाकडे धरल्यावर कडेने किंचित पारभासक असतो. जॅस्पर तांबडा किंवा हिरवट आणि पूर्ण अपारदर्शक असतो, तरी तो तितकाच चांगला फुटतो.

दुसरी पारख कानाची. दगड एका तळहातावर सैल ठेवून दुसऱ्या गोट्याने हलकेच वाजवावा. खणखणीत आवाज आला तर तो आतून सलग आहे. बद्द वाजला तर आत चीर आहे आणि तो कितीही देखणा असला तरी बाजूला ठेवावा. माण, खटाव, आटपाडी किंवा जतच्या माळावर वर्षानुवर्षे ऊन खात पडलेला दगड बहुधा असा बद्दच वाजतो. जमिनीतून ताजा निघालेला दगड केव्हाही सरस. याच कारणासाठी इंग्लंडमधील नॉर्फक परगण्यात ग्राइम्स ग्रेव्ह्ज येथे इ.स.पू. २६०० च्या सुमारास लोकांनी हरणाच्या शिंगांचे टिकाव करून खडूत खोल खाणी खणल्या आणि वरच्या थरांतला फ्लिंट ओलांडून खालच्या उत्तम थरापर्यंत मजल मारली. आपल्याकडे खाण खणण्याची गरज नाही. विहिरीच्या खोदकामातून निघालेला दगड काठावर ढीग करून टाकलेला असतो. शेतमालकाला विचारून तो चाळावा. मुठीएवढा सलग तुकडा मिळाला तर उत्तम, लिंबाएवढाही चालतो, कारण येथील पोकळ्याच लहान असतात आणि त्यामुळे येथून निघणारी हत्यारेही लहानच राहतात.

काळ्या पाषाणाच्या बाबतीत पोकळ्या असलेला, सच्छिद्र खडक घेऊ नये. ज्याच्या ताज्या फुटीवर दाणे दिसत नाहीत किंवा अगदी बारीक दिसतात असा घट्ट खडक घ्यावा. कृष्णा, कोयना आणि वेण्णा यांच्या पात्रांतील गोटे हजारो वेळा आपटून आलेले असल्याने कमजोर दगड आधीच फुटून गेलेले असतात आणि उरतात ते चिवट. हातकुऱ्हाडीसाठी आणि हातोडीसाठी ते उपयोगी पडतात. कास पठार, सागरेश्वर किंवा इतर कोणत्याही संरक्षित क्षेत्रातून मात्र एकही दगड उचलू नये.

हाताशी काय असावे

मुख्य हातोडी म्हणजे नदीतला लांबट गुळगुळीत गोटा. मुठीएवढ्या गाभ्यासाठी ३०० ते ५०० ग्रॅम वजनाचा आणि लहान गाभ्यासाठी त्याहून हलका गोटा पुरतो. लोखंडी हातोडा वापरू नये. तो दगडाला चिरडतो आणि त्याच्या घावाची खूण प्राचीन खुणेपेक्षा वेगळी उमटते. पातळ कपच्या काढण्यासाठी मऊ हातोडी लागते. इंग्लंडमधील बॉक्सग्रोव्ह येथे सुमारे ५ लाख वर्षांपूर्वीच्या शिंगाच्या आणि हाडाच्या हातोड्या सापडल्या आहेत. परदेशी कृतींत यासाठी सर्रास हरणाचे शिंग सुचवलेले असते, परंतु वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ मुळे आपल्याकडे सांबराचे किंवा चितळाचे शिंग, ते रानात गळून पडलेले असले तरी, जवळ बाळगता येत नाही. म्हशीचे शिंग, बाभळीची किंवा खैराची मुरलेली गाठ यांनी तेच काम होते. दाब देऊन बारीक टवके काढण्यासाठी चार-पाच मिलिमीटर जाडीची तांब्याची तार लाकडी मुठीत घट्ट बसवून तिचे टोक बोथट गोल करावे. याखेरीज मांडीवर ठेवायला जाड कातडे, कड घासायला वाळूचा खडबडीत दगड आणि अंथरायला ताडपत्री एवढे साहित्य पुरे.

डोळ्यांवर गॉगल असल्याशिवाय एकही घाव घालू नये, आणि समोर बसून पाहणाऱ्यांनाही तो नियम लागू आहे. त्याहून गंभीर धोका धुळीचा आहे. कॅल्सेडोनी, अकीक यांची पूड म्हणजे जवळजवळ शुद्ध सिलिका. गुजरातेतील खंभातच्या अकीक घासणाऱ्या कारागिरांमध्ये सिलिकोसिस हा फुप्फुसांचा आजार मोठ्या प्रमाणावर आढळला आहे. म्हणून काम नेहमी उघड्यावर, वारा पाठीमागून येईल असे बसून करावे, नाकावर धूळ अडवणारा चांगला मास्क लावावा, कड घासताना ती ओली करावी आणि काम केलेले कपडे घरात झटकू नयेत. वर्गात किंवा बंद खोलीत हे प्रात्यक्षिक कधीही घेऊ नये.

पहिली कपची

खुर्चीवर किंवा दगडावर बसून डाव्या मांडीवर कातडे अंथरावे आणि गाभा डाव्या हातात असा धरावा की माथा वर, किंचित बाहेरच्या बाजूला कललेला राहील आणि ज्या अंगावरून कपची सुटायची आहे ते खाली, तळहाताकडे येईल. बोटांची टोके घावाच्या रेषेत येऊ देऊ नयेत. गाभा मांडीवर दाबून न धरता हातात तोललेला असावा. दाबून धरल्यास धक्का परत फिरतो आणि कपची मधूनच तुटते.

आता घाई न करता कड पाहावी. कड पातळ आणि ठिसूळ दिसत असेल तर वाळूच्या दगडाने ती वरून खाली, अंगाच्या दिशेने घासावी. सुटे टवके गळून पडेपर्यंत आणि कडेवर बोट फिरवल्यावर ती किंचित गोलसर लागेपर्यंत घासत राहावे. धारदार वस्तू करण्यासाठी आधी कड बोथट करायची, हे नवशिक्याला पटत नाही. पण पातळ कडेवर बसलेला घाव तेथेच चुरा करून संपतो, बोथट केलेल्या कडेवर बसलेला घाव आत उतरतो. कंगोरा अंगावर कोठे आहे ते पाहून त्याच्या बरोबर वर, कडेपासून तीन ते पाच मिलिमीटर आत, घावाचे ठिकाण मनाशी निश्चित करावे.

गोटा मुठीत न आवळता बोटांत सैल धरावा आणि मनगट सैल ठेवून कोपरापासून हात खाली आणावा. घाव सरळ खाली ठोकायचा नसून कडेला घासून पुढे निघून जाईल असा तिरपा द्यायचा असतो, आणि गोटा दगडाला लागल्यानंतरही हात थांबू द्यायचा नसतो. बरोबर बसलेल्या घावाचा आवाज वेगळाच येतो, कोरडा आणि आखूड, आणि कपची डाव्या हाताच्या बोटांत अलगद पडते. ती उचलून पाहावी. वरच्या टोकाला माथ्याचा इवलासा तुकडा चिकटलेला असतो, त्याच्या खाली आतल्या बाजूला गुळगुळीत फुगवटा असतो, फुगवट्यापासून खाली लहरींच्या मंद रेषा पसरत गेलेल्या असतात आणि शेवटी दगड इतका पातळ होतो की उन्हाकडे धरल्यावर राखाडी कॅल्सेडोनीची कड मधासारखी पिवळी दिसते. गाभ्याच्या अंगावर या साऱ्याची उलटी छाप, फुगवट्याच्या जागी खोलगा, उमटलेली असते. कपची मधेच पायरीसारखी तुटली असेल तर घाव फार आत बसला किंवा त्यात जोर कमी पडला असे समजावे, आणि त्या पायरीवर पुन्हा त्याच दिशेने न मारता गाभा उलटून समोरच्या बाजूने कपची काढून ती पायरी साफ करावी.

या ताज्या कपचीला पुढे काही करू नये. ती कातडे, दोरी, मांस कापू शकते आणि तिची धार त्या क्षणी जितकी असते तितकी पुन्हा कधी नसते. केनियात लोमेक्वी येथे मिळालेली सुमारे ३३ लाख वर्षांपूर्वीची दगडी हत्यारे आणि इथिओपियात गोना येथील २६ लाख वर्षांपूर्वीची हत्यारे पाहिली तर अशा साध्या कपच्याच त्यांत मोठ्या संख्येने आहेत. धार संपली की टाकून द्यायची आणि नवी काढायची, ही पद्धत माणसाने सर्वांत जास्त काळ वापरली. संग्रहालयांतील सुबक हातकुऱ्हाडींमुळे आपली नजर तेथे जात नाही, हे मला नेहमी खटकते.

हातकुऱ्हाड

भारतात पुराश्मयुगाचा अभ्यास सुरू झाला तो ३० मे १८६३ रोजी, मद्रासजवळ पल्लावरम येथे भूशास्त्रज्ञ रॉबर्ट ब्रूस फूट यांना मिळालेल्या दगडी हत्यारामुळे. तमिळनाडूतील अत्तिरमपक्कम येथील हातकुऱ्हाडींचे वय सुमारे १५ लाख वर्षे ठरले आहे. हातकुऱ्हाडीसाठी नदीतला चपटा गोटा किंवा मोठ्या खडकावरून काढलेली तळहाताएवढी कपची घ्यावी. दुसरा पर्याय सोपा, कारण तिला एक पातळ कड आधीच मिळालेली असते. एका बाजूने कपची काढावी, दगड उलटावा, नुकत्याच पडलेल्या खोलग्याला माथा मानून त्यातच दुसऱ्या बाजूची कपची काढावी, आणि असे आलटून पालटून कडेने फिरत जावे. कड नागमोडी होत जाते, ती सरळ करण्याचे काम शिंगाच्या किंवा लाकडाच्या हातोडीने शेवटी करायचे असते. काळ्या पाषाणावर फुगवटा आणि लहरी अस्पष्ट उमटतात आणि जोर अधिक लागतो, म्हणून येथे नवशिक्याने परिपूर्ण आकाराचा हट्ट धरू नये. टोकाकडे निमुळती होणारी आणि दोन्ही बाजूंनी कापणारी कड मिळाली की काम झाले. बूड जाड आणि गोल ठेवावे, कारण ते हातात धरायचे असते.

कंगोरा आणि पाती

एका गाभ्यातून एकसारखी अनेक पाती काढण्याची रीत मला या साऱ्या विद्येचा कळस वाटते, आणि तिचा उत्तम नमुना आपल्या शेजारच्या पुणे जिल्ह्यात आहे. घोड नदीच्या काठी इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले. इ.स.पू. १६०० ते ७०० या काळातील या वस्तीत तांबे ठाऊक होते, तरी ते दुर्मीळ असल्याने रोजच्या कापण्याचे काम कॅल्सेडोनीच्या पात्यांवरच चालत असे.

लांबट गाभ्याच्या एका उभ्या कडेवर दोन्ही बाजूंनी आलटून पालटून बारीक टवके काढावेत, म्हणजे तेथे वरपासून खालपर्यंत वेणीसारखा नागमोडी कंगोरा तयार होतो. माथा एकाच मोठ्या घावाने सपाट करून घ्यावा. मग त्या कंगोऱ्याच्या बरोबर वरच्या टोकावर घाव दिला की तडा कंगोऱ्याखालून सरळ खाली धावतो आणि कंगोऱ्यासह पहिले लांब पाते सुटते. त्याची पाठ त्रिकोणी आणि खडबडीत असते. आता गाभ्यावर एका कंगोऱ्याच्या जागी दोन सरळ, समांतर कंगोरे उरलेले असतात. त्यांपैकी एकावर पुढचा घाव द्यावा. प्रत्येक पाते सुटताना पुढच्या पात्याची वाट आखून जाते, आणि गाभा बारीक होत होत शेवटी उभ्या पन्हळी असलेला, बोटाएवढा खांब उरतो. असा गाभा एकदा हातात घेऊन पाहिला की तो करणाऱ्याला एकेका घावाआधी पुढच्या तीन-चार घावांचा विचार होता, हे स्पष्ट दिसते.

हातातल्या गोट्याने इतका नेमका घाव देणे कठीण जाते. म्हणून शिंगाचा किंवा तांब्याचा टोकदार खिळा माथ्यावर ठेवून त्यावर लाकडी हातोडी मारावी. यासाठी गाभा पायांत धरावा किंवा दुसऱ्या माणसाने धरावा. खंभातचे कारागीर ही रीत उलटी वापरतात: टोकदार लोखंडी सळई जमिनीत तिरपी रोवतात, दगडाची कड तिच्या टोकाला टेकवतात आणि म्हशीच्या शिंगाच्या हातोडीने दगडावरच मारतात, त्यामुळे खालून टवका उडतो. लहान दगडांसाठी ही रीत मला फार सोयीची वाटते.

दगड भाजणे

फुटताना हट्ट करणारी कॅल्सेडोनी भाजल्यावर मऊपणे फुटते. दक्षिण आफ्रिकेत पिनॅकल पॉइंट येथील माणसांना दगड भाजण्याची ही युक्ती किमान ७२,००० वर्षांपूर्वी माहीत होती. तीन सेंटिमीटरपेक्षा जाड नसलेले तुकडे आधी बरेच दिवस उन्हात वाळवावेत, मग मडक्यात कोरडी वाळू भरून तिच्यात एकमेकांना न लागतील असे पुरावेत आणि मडक्याभोवती शेण्या रचून मंद आच द्यावी. तापमान हळूहळू सुमारे २५० ते ३५० अंश सेल्सियसपर्यंत जावे, काही तास तेथे राहावे आणि राख पूर्ण निवेपर्यंत मडक्याला हात लावू नये. थेट जाळात टाकलेला दगड आतल्या ओलाव्याने फुटून उडतो आणि ते धोक्याचे आहे. भाजलेल्या पिवळ्या दगडातील लोह लाल होते. वरून मात्र फारसा फरक कळत नाही. नवी कपची काढल्यावर आतल्या फुटीवर जी तेलकट चकाकी दिसते ती दगड नीट भाजल्याची खूण.

दाबून टवके काढणे

पात्याची कड घडवायची असेल तर घाव थांबवून दाब वापरावा. पाते तळहातावरच्या कातड्यात धरून तांब्याचे टोक त्याच्या कडेवर टेकवावे, आधी आतल्या दिशेने जोर साठवावा आणि मग टोक खाली दाबावे. खालच्या बाजूने लहान, अरुंद टवका निघतो. आल्प्समध्ये १९९१ साली बर्फात सापडलेल्या, सुमारे ५,३०० वर्षांपूर्वीच्या माणसाजवळ याच कामासाठी लाकडी मुठीत शिंगाचे टोक बसवलेले पेन्सिलीसारखे अवजार होते. सराव जाड काचेच्या बाटलीच्या तळावर करावा, कारण काच याच नियमाने फुटते आणि चांगला दगड वाया जात नाही.

कडेला द्यायचा आकार कामावरून ठरतो. कातडे किंवा लाकूड तासायचे असेल तर कपचीच्या टोकाला उभी, जाड कड द्यावी, म्हणजे ती रुतत नाही. भोक पाडायचे असेल तर दोन्ही बाजूंनी आत घेत टोक काढावे. मुठीत बसवायच्या सूक्ष्मास्त्राची, म्हणजे लहानशा दगडी पात्याची, एक कड मुद्दाम बोथट करावी आणि ते त्रिकोण, चंद्रकोर किंवा समलंब चौकोनासारखे घडवावे. बोथट बाजू राळेत रुतते, धारेची बाहेर राहते.

मूठ आणि वापर

विळा करून पाहणे सर्वांत बोधप्रद. बाभळीच्या किंवा बोरीच्या किंचित वाकलेल्या फांदीच्या आतल्या बाजूला पात्याच्या निम्म्या रुंदीइतकी खोल खाच कोरावी. राळ चार भाग, मेण एक भाग आणि कोळशाची बारीक पूड एक भाग असे मिश्रण मंद आचेवर वितळवावे. राळ पेट घेते, म्हणून भांडे थेट ज्वाळेवर ठेवू नये. नुसता बाभळीचा डिंक पाण्याने सुटतो, नुसती राळ थंडीत तडकते, मेणामुळे ती लवचिक राहते आणि कोळशामुळे तिला अंग येते. खाचेत गरम मिश्रण भरून पात्याचे समान रुंदीचे तुकडे एकाला एक लागून बसवावेत आणि कडांची एक सलग ओळ साधावी. एखादे पाते तुटले तर तेवढेच तापवून बदलता येते. लहान पात्यांचा हा मोठा फायदा आहे. भाल्याच्या किंवा बाणाच्या टोकाला राळेवरून अंबाडीच्या वाखाचे घट्ट वेढे द्यावेत.

हा विळा लोखंडी विळ्यासारखा हिसडा देऊन चालवू नये. ताटे मुठीत धरून पाते त्यांना टेकवावे आणि करवतीसारखे आपल्याकडे ओढावे. शाळूच्या वाळल्या ताटांवर, गव्हावर किंवा गवतावर बराच वेळ काम केल्यावर भिंगाखाली धारेला समांतर अशी गुळगुळीत चकाकीची पट्टी दिसू लागते. गवतवर्गीय वनस्पतींच्या खोडांत सिलिका असते आणि तिच्यामुळे ही पट्टी तयार होते. उत्खननातील पात्यांवर हीच चकाकी पाहून ते पाते पिकाच्या किंवा गवताच्या कापणीला वापरले होते असे अभ्यासक सांगतात. कातड्यामुळे कड गोल होते, हाडामुळे तिचे टवके उडतात. प्रत्येक कामाची खूण निराळी असते, म्हणून प्रयोगातले प्रत्येक पाते एकाच कामासाठी वापरावे आणि ते काम लिहून ठेवावे. विस्तवाबाबत एक समज सर्वत्र आढळतो, तो येथेच दूर करावा: दोन गारगोट्या एकमेकींवर आपटल्यास उजेड चमकतो, पण त्या ठिणगीने कापूस पेटत नाही. त्यासाठी गारगोटीच्या धारेवर लोहमाक्षिक, म्हणजे पायराइट, किंवा पुढच्या काळातील पोलाद घासावे लागते.

कपच्यांची विल्हेवाट

एक हातकुऱ्हाड करताना शेकडो कपच्या पडतात आणि पुरातत्त्वज्ञांसाठी याच कपच्या सर्वांत बोलक्या असतात. कर्नाटकातील इसामपूर येथे डॉ. के. पद्दय्या यांनी उजेडात आणलेली जागा अशा दगडकामाचीच होती. तेथे चुनखडकाचे गाभे, कपच्या आणि हत्यारे काम झाले त्या ठिकाणीच शिल्लक होती. म्हणून आपला कचरा नदीकाठी, माळावर किंवा शेतात टाकणे हा मोठा अपराध मानावा. तो उद्याच्या अभ्यासकाची दिशाभूल करील. ताडपत्रीवरचे सारे तुकडे गोळा करावेत, ते खोल खड्ड्यात पुरावेत आणि खड्ड्याच्या तळाशी चालू सालाचे एक नाणे टाकावे. जपून ठेवायच्या प्रत्येक वस्तूवर न पुसणाऱ्या शाईने तारीख आणि दगड कोठला ते लिहावे.

हाताला सराव झाला की शेतात जुन्या कपच्या दिसू लागतात. तेथे सावध राहावे, कारण फुगवटा हा कोणत्याही जोरदार घावाने उमटतो आणि खडी क्रशरमधून निघालेल्या तुकड्यांवरही तो आढळतो. एकाच माथ्यावरून एकाच दिशेने निघालेल्या अनेक कपच्यांच्या छापा, घासून तयार केलेली कड, जुन्या फुटीवर चढलेला रंग आणि एकाच जागी गाभा व कपच्या दोन्ही असणे, या गोष्टी एकत्र दिसल्या तर ती जागा महत्त्वाची असू शकते. तेथील एकही तुकडा न उचलता, शेजारी मोजपट्टी ठेवून छायाचित्रे घ्यावीत, ठिकाणाचे अक्षांश-रेखांश आणि गट क्रमांक टिपून घ्यावेत, आणि ती माहिती राज्याच्या पुरातत्त्व विभागाला किंवा पुण्यातील डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व विभागाला लेखी कळवावी.